आठ सेकंदांचं रडणं

पूल पडला त्या तारखेला आमची वाहिनी गेली सतरा वर्षं माझ्या जाऊबाईंना रडवते. जुन्या टेपेतलं आठ सेकंदांचं दृश्य. नदीकाठी कुणीतरी वाकून त्यांच्या कानात सांगतं, आणि त्या मटकन खाली बसतात. माझे मोठे दीर पुलावरच होते. त्या टेपा सांभाळणं हे माझं काम.

यंदा त्या तारखेच्या आदल्या संध्याकाळी जाऊबाई घरी आल्या. "आजवर ते दृश्य लागलं की मी उठून स्वयंपाकघरात जायचे. पण गेल्या वर्षी नात ओरडली, आजी, ही तू! यंदा टेप सापडत नाही म्हणून सांग ना गं."

आमच्या विभागात 'सापडत नाही' हा नकार द्यायचा सभ्य प्रकार. सगळेच वापरतात. माझं मात्र खोटं न बोलण्याचं व्रत आहे, बावीस वर्षांचं.

"तुझ्या देवाला मी समजावते हवं तर," त्या म्हणाल्या. हसल्या नाहीत.

सकाळी जप केला, पण मन लागलं नाही. कामावर पोचले तर संकलक दारातच उभा.

"मावशी, पुलाची टेप. नेहमीचीच, रडणारी बाई."

टेप हाताशीच होती.

"आहे," मी म्हटलं. "आणि त्या बाईही आहेत. माझ्या थोरल्या जाऊबाई. त्यांना विचार आणि घेऊन जा."

"गंमत करताय?"

"इतक्या वर्षांत सुचली नाही रे." मी फोन लावून त्याच्या हातात दिला.

"नमस्कार, ते पुलाचं..." तो चाचरला. मग नुसता ऐकत राहिला. फोन परत देताना त्याचे कान लाल झाले होते.

"काय म्हणाल्या?"

"म्हणाल्या, दाखव. पण मग आजी का रडते ते नातीला घरी येऊन तूच सांग." त्याने मान खाजवली. "आता तिथे लावू काय मी?"

त्याच दिवशीची दुसरी टेप काढून दिली. तुटका खांब आणि पाणी.

"यात माणूसच नाही."

"नाही."

कुरकुरत सही करून गेला. पुढच्या वर्षी मी निवृत्त होईन. वहीत त्या टेपेसमोर 'आधी विचारा' असं लिहून जाऊबाईंचा नंबर टाकला. माझ्यानंतर ती वही कोण उघडेल, देव जाणे.

संध्याकाळी त्यांच्याकडेच बातम्या पाहिल्या. आठ सेकंद नुसतं पाणी. जाऊबाई जागच्या उठल्या नाहीत. नातीने कंटाळून रिमोट मागितला. त्यांनी देऊन टाकला.