आर्डिसचा रडका ओटा

बुधवारी दुपारी आर्डिस हॅगनच्या स्वयंपाकघरात चाळीस माणसं दाटीवाटीने उभी होती आणि सगळ्यांच्या नजरा एका दगडावर खिळल्या होत्या. बाहेर गुडघाभर बर्फ, दारात बुटांचा ढीग, आत सगळे मोज्यांवर. दगड म्हणजे आर्डिसचा नवा ग्रॅनाइटचा ओटा. त्याच्या पुढच्या कडेला, डिशवॉशरच्या बरोबर वर, एक डाग होता. मधे काळा, भोवती पांढुरका. बघणाऱ्याने मन मोठं केलं, तर तो डोळ्यासारखा दिसे.

"हळू बोला," ड्वेन क्वाम कुजबुजला. "त्याला भरून येतंय."

आणि खरंच डागाखाली थेंब जमला, फुगला आणि डिशवॉशरच्या दारावरून ओघळला. मागोमाग दुसरा. कुणीतरी हुंदका दिला. पाद्रीबुवांना लोकांनी विचारलं, हा चमत्कारच ना? ते म्हणाले, "नाही म्हणता येत नाही, आणि हो म्हणवत नाही." अमेरिकेच्या उत्तरेला, आमच्या मिनेसोटात, याला ठाम मत म्हणतात.

मी लोइस टेगन. गावातल्या शाळेत चौतीस वर्षं पदार्थविज्ञान शिकवलं. आर्डिस माझी शेजारीण, त्यामुळे या देवस्थानाचा उगम मला पहिल्यापासून ठाऊक आहे.

ऑक्टोबरात आर्डिसने हायवेवरच्या घरसामानाच्या मोठ्या दुकानातून ओटा आणि नवा डिशवॉशर घेतला. दुकानाची माणसं आली, मापं घेऊन गेली, दगड कापून आणला, केसभरही फट न ठेवता बसवला. काम चोख. पण त्यांच्या कागदावर स्वच्छ लिहिलं होतं की नळ आणि डिशवॉशर जोडणं आमच्याकडे नाही. म्हणून आर्डिसने ड्वेनला बोलावलं. गावातली किरकोळ कामं तोच करतो. नववीत तो माझ्या वर्गात होता. एकच फ्यूज तीनदा जाळून तो म्हणाला होता, "बाई, फ्यूजच खराब येतात हल्ली."

चार दिवसांनी ओट्याखालून पाणी टपकायला लागलं. आर्डिसने ड्वेनला फोन केला, "अरे, जरासं ओलं वाटतंय." आमच्याकडे हे किंचाळण्यासारखंच आहे. ड्वेन आला, गुडघ्यावर बसला, बराच वेळ खाली बघत राहिला. मग उठून त्याने डोक्यावरची टोपी काढली.

"आर्डिस, हे साधं पाणी नाही. तुझा दगड रडतोय."

एकदा तोंड उघडल्यावर ते बंद करणं त्याला जमेना. "हा दगड भारतातून आलाय, कागदावर लिहिलंय बघ. तिकडची माणसं दगडापुढे हात जोडतात, ती काय खुळी आहेत? याला डोंगरातून उपटलं, करवतीने चिरलं, बोटीत कोंबलं, आणि आपण त्याच्यावर बटाटे सोलतो! रडू नको येऊ त्याला?" त्या आठवड्यात आर्डिसने बटाटे जेवणाच्या टेबलावर सोलले.

मग दर बुधवारी गर्दी. ड्वेन अश्रू चिमुकल्या बाटल्यांत भरून द्यायचा. गुडघ्याला, खोकल्याला, गाईच्या सडाला, सगळ्याला तेच. देणगी स्वेच्छेची होती, म्हणजे तुमची इच्छा होईपर्यंत तो बाटली सोडायचा नाही.

मी हे सगळं हसण्यावारी नेलं असतं. पण आर्डिसच्या नवऱ्याला, व्हर्लिनला, काचबिंदू आहे. डॉक्टरांनी डोळ्यांत घालायचे थेंब दिले होते, रोज दोनदा, जन्मभर. ते झोंबायचे. ड्वेन म्हणाला, "डोळ्याचं पाणी डोळ्यालाच लागू पडतं." झालं! व्हर्लिनने औषध कपाटात टाकलं आणि ओट्याचे अश्रू डोळ्यांत घालू लागला. डोळे लाल झाले. ड्वेन म्हणाला, रोग बाहेर पडतोय.

"व्हर्लिन, औषध चालू कर बाबा," मी म्हटलं.

"ते झोंबतं, लोइस. हे झोंबत नाही."

"झोंबलं नाही की गुण येतो, हे तुला कुणी सांगितलं?"

"बरं वाटतंय मला. म्हणजे वाईट तरी वाटत नाहीये."

आर्डिसला सांगावं तर ती डोळे पुसून म्हणायची, "अगं, शंका घेतली की गुण जातो म्हणे."

जानेवारीतल्या एका बुधवारी मी व्हर्लिनच्या डाव्या बाजूने कॉफीचा कप पुढे केला. त्याने कोपर हलवलं आणि कप फुटला. "हा कुठून आला मधेच?" तो म्हणाला. कप त्याला दिसलाच नव्हता. मला भीती वाटली, आणि त्याहून जास्त संताप आला.

त्या दिवशी मी पहिल्यांदा दगडाकडे बघायचं सोडून घड्याळाकडे बघितलं. आमच्याकडे पाहुणा कॉफी घेतल्याशिवाय जात नाही. दोनदा नको म्हणतो, तिसऱ्यांदा घेतो, आणि दुसऱ्यांदा कॉफी ओतताना त्याला नवा धुतलेला कप द्यायचा असतो. केकच्या वडीला वेगळी बशी. अडीचला आर्डिसचा डिशवॉशर गच्च भरायचा, ती बटण दाबायची, आणि साडेतीनला दगडाला गहिवर यायचा. गर्दी जास्त झाली की यंत्र दोनदा लागायचं आणि दगडही दोनदा रडायचा. ड्वेन त्याला "श्रद्धेचा पूर" म्हणायचा.

पुढच्या बुधवारी मी कागदी कप आणि बश्या घेऊन गेले.

"पाहुण्यांना कागदी कपात कॉफी?" आर्डिसचा चेहरा पडला. "लोक काय म्हणतील?"

"लोक दगड बघायला येतात, बाई. कप नाही."

साडेतीन वाजले, चार वाजले. दगड ठणठणीत कोरडा. ड्वेनने एकच स्तोत्र तीनदा म्हणायला लावलं. मग त्याने माझ्याकडे बघितलं. "इथे कुणीतरी मनात शंका घेऊन आलंय."

"ड्वेन, मी दर बुधवारी शंका घेऊनच येते. माझ्यासमोर तो धो धो रडलाय." मागून कुणीतरी फिसकन हसलं.

मी रिकामा डिशवॉशर चालू केला. "आता तासभर कुणी प्रार्थना करू नका. हवामानावर बोला." हे काम आमच्या लोकांना उत्तम जमतं. तासाभराने यंत्रातून वाफ फुसफुसली आणि दगडाच्या डोळ्यात पाणी आलं.

मी ओट्याच्या खालच्या कडेवरून हात फिरवला आणि ओला पंजा सगळ्यांना दाखवला. "भांडी वाळवताना यंत्र गरम वाफ सोडतं. वर थंडगार दगड. पातेल्यावरचं झाकण उचललं की जे टपकतं ना, ते हेच. थेंब अख्ख्या कडेला आहेत. तुम्ही फक्त डोळ्याखालचे मोजलेत."

"मग आमच्या जुन्या ओट्याला असं का नाही झालं?" आर्डिसने विचारलं.

मी तिच्या खणातून यंत्राची पुस्तिका काढली. तिच्यासोबत एक न फोडलेली पिशवी होती आणि पिशवीत चंदेरी पट्टी. सहाव्या पानावर चित्र होतं. यंत्र आत सरकवण्यापूर्वी ही पट्टी ओट्याच्या खालच्या बाजूला चिकटवायची, म्हणजे वाफ दगडाला लागत नाही.

"हे कुणाचं काम होतं, ड्वेन?"

तो आपल्या मोज्यांकडे बघत राहिला. "विसरलो, बाई. मग यंत्र परत बाहेर ओढायचं जिवावर आलं. काहीतरी बोलून गेलो, आणि लोक जमायला लागले."

"म्हणजे तुझ्या आळसातून देव प्रकटला म्हण की!"

आर्डिस पुढे आली. उभ्या आयुष्यात मी तिचा आवाज चढलेला ऐकला नव्हता. "तुला माहीत होतं? व्हर्लिन ते डोळ्यांत घालत होता, तेव्हाही माहीत होतं?"

"अगं, त्याने काय होतंय?" ड्वेन चिडून म्हणाला. "नुसतं पाणी तर होतं ते!"

चाळीसही जणांनी ते ऐकलं होतं. व्हर्लिनने हातातली बाटली हळूच ओट्यावर ठेवली.

दुसऱ्या दिवशी मी त्याला डोळ्यांच्या डॉक्टरांकडे नेलं. उजवा डोळा वाचला. डाव्याची अर्धी नजर गेली होती, आणि काचबिंदूत गेलेली नजर परत येत नाही. "पण मला तर काहीच दुखलं नाही," व्हर्लिन पुन्हापुन्हा म्हणत होता. डॉक्टर म्हणाले, "दुखत नाही, म्हणून तर औषध सोडायचं नसतं."

गावात काही जण अजून म्हणतात की चमत्कार लोइसने घालवला. म्हणू देत. पट्टी मीच लावली, यंत्र ओढून परत सरकवेपर्यंत वीस मिनिटं लागली. मला बोच वेगळीच आहे. ड्वेन लबाड होता आणि लोक भाबडे होते, हे मला पहिल्या दिवसापासून दिसत होतं. तरी मी दहा-बारा बुधवार कोपऱ्यात उभी राहून कॉफी पीत मनातल्या मनात हसत होते. चौतीस वर्षं मुलांना "तपासून बघा" सांगणारी मी एकदाही खाली वाकले नाही.

म्हणून हात जोडून सांगते. दगड रडला, मूर्ती घामेजली, भिंतीवर चेहरा उमटला असं कुणी म्हणालं, तर ते कधी होतं आणि कधी होत नाही, ते बघा. शंका घेऊ नका म्हणणाऱ्याच्या हातचं औषध घेऊ नका. आणि तुम्हाला खरं काय ते कळत असेल, तर नुसते हसत उभे राहू नका. तुम्ही हसत असता, तेव्हा कुणीतरी ते पाणी डोळ्यांत घालत असतं.