पाहुण्यांचं पाणी

"ह्ये बगा, आता आपलं घर यील," भामाबाई नवऱ्याच्या कानाला लागली, आणि खरंच तालुक्याच्या कचेरीतल्या टीव्हीवर तिची झोपडी आली. सारवलेलं अंगण, घासून लख्ख केलेला पेला, आणि डोक्यावर पदर घेऊन पाहुण्यांना पाणी देणारी ती स्वतः. आपण इतक्या बऱ्या दिसतो हे तिला नव्यानंच कळलं.

फिल्म कातकरी वस्तीची होती. साखर कारखान्याचं मळीचं पाणी ओढ्यात सुटायचं, त्यानं काठावरची वस्तीची विहीर पार नासली होती. फिल्म बघून साहेबांनी टँकर सुरू करावा, एवढ्यासाठी सगळा खटाटोप. आष्ट्याची दीपमाला तिच्या संस्थेचा कॅमेरा घेऊन आली तेव्हाच म्हणाली होती, "मावशी, फिल्म तुमची. काय दाखवायचं ते तुम्ही ठरवा." भामाबाईनं ठरवायला वेळ लावला नाही. दारात आलेल्याला आधी पाणी, मग आपलं रडगाणं. वस्तीनंही माना डोलावल्या.

टीव्ही बंद झाला. साहेब माणूस काही वाईट नव्हता, चहासुद्धा सांगितला त्यानं.

"विहीर खराब आहे खरी," तो म्हणाला. "पण तुम्ही ती वापरत नाही ना? प्यायचं पाणी नितळ दिसलं की पेल्यात. मग टँकर कशाला?"

भामाबाई घाईनं पुढं सरकली.

"आवं सायेब, ते आमचं न्हवं. पावण्यांचं हाय. पल्याडच्या मळ्यातनं मागून आनल्यालं."

"मग तुम्ही काय पिता?"

"हिरीचंच की."

"ते तर कुठं दिसलं नाही."

दिसू नये म्हणून तर एवढी पायपीट केली होती. सगळ्या वस्तीचा टँकर आपण एका पेल्यात बुडवला, असं वाटून तिला मान वर करवेना.

बाहेर येताच दीपमाला कळवळून म्हणाली, "मावशी, मला तरी सांगायचं!"

"आगं, तूबी पावणीच की. तुला कसं सांगू?"

"लय मिरवायची हौस!" नवरा, ज्ञानू, करवादला. एरवी त्याला दोन शब्द परत मिळाले असते. त्या दिवशी ती तशीच पुढं चालू लागली.

पुढच्या आठवड्यात दीपमाला पुन्हा आली. या खेपेला अंगण सारवलेलं नव्हतं. भामाबाईनं विहिरीतून घागर ओढली आणि पेला भरला. पाणी काळ्या चहासारखं, वर फेस, आणि वास असा की दीपमालानं नकळत नाक दाबलं. लगेच तिनं हात काढलाही, पण भामाबाईनं ते पाहिलं होतं.

"मावशी, मागं दिलंत तसंच द्या," दीपमाला कॅमेऱ्याआडून हळूच म्हणाली.

भामाबाईला पेला पुढं करवेना. असलं पाणी तिनं आजवर कुणा परक्यापुढं केलं नव्हतं. शेवटी तिनं पदर हनुवटीपर्यंत खाली ओढला आणि पेला पुढं धरला.

"घे, बाय."

"मावशी, तोंड दिसत नाही."

"हात दिसतोय न्हवं? तेवढा बास हाय."

फेस बोटांवरून ओघळत होता. दीपमालानं पुन्हा सांगितलं नाही. कॅमेरा चालू राहिला, आणि भामाबाई पदराआड तशीच उभी राहिली.