माश्यांना सांगून येतो

युद्ध संपून चेकांचं राज्य परत आलं होतं, आणि आम्हा जर्मनांना अर्ध्या तासात घर सोडायचा हुकूम होता. आणि माझा नवरा एगॉन परसातल्या मधमाश्यांच्या खोपटात, शेवटच्या पेटीमागच्या फळ्यांआड दडलेला. आघाडीवरून परतलेल्या जर्मनांना खाणीकडे नेत. तिकडून कुणी माघारी येत नसे. आम्ही निघालो हे त्याला ठाऊकच नव्हतं. तो संध्याकाळच्या पावाची वाट बघत बसणार, आणि खोपटाचं दार उघडणार घराचा नवा मालक.

तो मालक बंदूक घेऊन अंगणातच उभा होता. ओताकार, खालच्या गावचा चेक. आमची भाषा त्याला आमच्याइतकीच कळायची.

"साहेब," मामंजी दंडावरची, जर्मनांना सक्तीची पांढरी पट्टी सावरत म्हणाले, "माश्यांना सांगून येतो. मालक न सांगता गेला तर मरतात त्या."

"तुमच्या लोकांनी माझ्या भावाला नेलं, तेव्हा आमच्या कोंबड्यांना कुणी सांगितलं नव्हतं." ओताकारनं मान झटकली. "चल. मीपण येतो."

मी किटली उचलून दोघांच्या मागोमाग खोपटात शिरले.

मामंजींनी पहिल्या पेटीवर तीनदा टकटक केली. "नव्या मालकाचं नाव सांगावं लागतं. काय सांगू?"

तो जरा घुटमळला. "ओताकार म्हण."

"बायांनो गं मधाच्या, जुना हात सुटला,
ओताकारच्या अंगणी मोहर तुमचा फुटला."

सहा पेट्यांना हेच. सातव्या, शेवटच्या पेटीशी मात्र आवाज चढला.

"पंख ज्याला असतील त्यानं इथं थांबू नये,
ओढ्याओढ्यानं जावं गं, मागं वळू नये."

बंदुकीची नळी त्यांच्या पाठीला टेकली. "ए म्हाताऱ्या, हिलाच वेगळं का?"

"हिच्यात नवी राणी जन्मतेय, साहेब. जुनीला घर सोडावंच लागतं."

"माझ्या माश्या हाकलतोस होय रे?" ओताकार हसला. "हाकलायचं काम आमचं!"

फळ्यांआड काहीतरी खरकन घासलं. मी हातातली किटली दगडावर सोडून दिली.

"हात मोडले का गं तुझे?" मामंजी खेकसले. माझ्यावर, जन्मात पहिल्यांदा.

स्टेशनच्या चढावर आमची रांग लागली तेव्हा खोपटावर माश्यांचा काळा ढग उठला. पेटी कुणीतरी हलवली होती.

"गेल्या की रे तुझ्या बाया!" ओताकार मागून ओरडला. "ऐकलं त्यांनी तुझं!"

"मागं बघू नकोस, पोरी," मामंजी पुटपुटले.

मी बघितलं नाही. नुसते कान देऊन चालत राहिले. ओढ्यावरच्या पुलाशी पहारा होता. बंदुकीचा बार ऐकू आला नाही. वळणापर्यंत नाही. वळणानंतरही नाही.