काकूंच्या नावाचा भुंगा

संग्रहालयात तिला सगळे भुंगेवाली म्हणत आणि तीही ते बिरुद मिरवायची. त्या सकाळी मात्र तिचं तोंड उतरलं होतं. काचेच्या डब्यात ठेवलेले दोन जिवंत भुंगे, एक काळा शिंगवाला आणि एक तपकिरी बिनशिंगाचा, खुशाल जोडी जमवून बसले होते. पुस्तकाप्रमाणे या दोन वेगळ्या जाती. दोन्हींना नावं दिली होती तिच्या सरांनी. काळ्याला आधी, तपकिरीला नंतर, आणि तेही आपल्या बायकोचं, म्हणजे काकूंचं.

भुंग्यांचीही गफलत होत असेल, असं म्हणून तिनं कपाटातले जुने नमुने काढले, कोमट पाण्यात मऊ केले आणि सूक्ष्मदर्शकाखाली एकेकाचं पोट अलगद उघडलं. काळे सगळे नर. तपकिरी सगळ्या माद्या. म्हणजे जात एकच. आणि एका जातीला दोन नावं पडली, तर जुनं राहतं, नवं जातं. काकूंना जाऊन अजून वर्षही झालं नव्हतं.

"कशाला उकरून काढतेस?" शेजारच्या टेबलावरचा फुलपाखरंवाला म्हणाला. "भुंगे थोडेच तक्रार करणार आहेत?"

"सरांना दुसऱ्या कुणाकडून कळलं तर?" ती म्हणाली आणि उघडलेले नमुने एका डब्यात भरून निघाली.

सरांकडे गेल्यावर तिनं गुडघ्यांची चौकशी केली, औषधांची केली, मग हवेवर आली.

"अगं, हवापाण्याच्या गप्पा मारायला तू एवढ्या लांब येत नाहीस," सर म्हणाले. "उघड तो डबा."

जेवणाच्या टेबलावरच त्यांचा सूक्ष्मदर्शक असे. ते बराच वेळ डोळा लावून बसले.

"काळे एका झाडावर मिळाले होते, तपकिरी भलत्याच झाडावर," ते अखेर म्हणाले. "तरी पोट उघडून बघायला हवं होतं. पण हिचा वाढदिवस तोंडावर आला होता." मग एकदम हसत सुटले. "म्हणजे इतकी वर्षं मी नवरा-बायकोला वेगवेगळ्या कपाटांत कोंडून ठेवलं की गं!"

हसता हसता त्यांनी चष्मा काढून डोळे पुसले.

"सर, छापायची काही घाई नाही. राहू दे थोडे दिवस."

"का म्हणून? तिला कुठं कौतुक होतं? किड्याला माझं नाव दिलंत, आता माहेरी कुठल्या तोंडानं सांगू, म्हणून आठवडाभर अबोला धरला होता. नंतर मात्र आल्यागेल्याला कपाट उघडून दाखवायला लावायची."

"तेच म्हणते मी."

"नाही, लिही तू. फक्त लेखावर माझंही नाव घाल. माझी चूक मीच निस्तरतो."

त्यांनी पेन्सिल मागितली आणि मादीचं चित्र काढायला घेतलं. पायांवरचा एकेक काटा, पंखांवरची एकेक रेघ. रेघ चुकली की ते खोडत आणि पुन्हा काढत.

"उजेड जरा डावीकडे घे," ते म्हणाले.

तिनं दिवा सरकवला आणि खुर्ची ओढून शेजारी बसली.