दुसऱ्याच्या केसांचा टोप

मित्रांनो, मी एक जुना टोप आहे. भात शिजवायचा नव्हे, डोक्यावर चढवायचा. मधोमध भांग, दोन काळ्या वेण्या आणि कपाळावर चामड्याची पट्टी. लॉस एंजेलिसच्या एका संग्रहालयात काचेच्या पेटीत माझा मुक्काम आहे. माझ्यापुढे पाटी आहे : 'महान अभिनेते लॉयड ब्रॅन्सम यांचा टोप.' ही पाटी खोटी आहे. कशी, ते सांगतो.

माझा जन्म घोड्याच्या शेपटीतून झाला. सिरानूशबाई नावाच्या आर्मेनियन बाईने पातळ जाळीवर एकेक केस गाठ मारून बसवला आणि मला घडवले. तिची बोटे फार हळुवार होती. तिच्या लहानपणी सैनिकांनी तिचे गाव जाळले होते, पण त्याविषयी ती कधी बोलत नसे. खाली मान घालून काम करत असे.

त्या काळी काऊबॉयच्या चित्रपटांचा सुकाळ होता. एक धुळीचे गाव, एक दारूचा गुत्ता, एक गोरा घोडेस्वार आणि टेकडीवरून आरोळ्या ठोकत येणारे आम्ही. आम्ही म्हणजे इंडियनांचे, त्या देशाच्या मूळ रहिवाशांचे, टोप. खालचे डोके कुणाचेही असे. मी एका इटालियन न्हाव्याच्या डोक्यावर बसलो, एका ट्रक ड्रायव्हरच्याही. काम एकच होते, गोळी लागली की घोड्यावरून पडायचे. गोऱ्याची गोळी कधी चुकत नसे आणि आमचा बाण कधी लागत नसे.

मग हेच खेळ टीव्हीवर आले. शनिवारी सकाळी मुले पत्र्याची पिस्तुले घेऊन पडद्यापुढे बसत आणि मी पडलो की टाळ्या पिटत. नंतर अंगणात तोच खेळ खेळत. इंडियन व्हायला कुणी तयार नसे, म्हणून सगळ्यात धाकट्याला व्हावे लागे. त्या देशाने आपली गोष्ट अशी आमच्याकडून पाठ केली. जमीन रिकामी होती, आडवे आले ते नुसते ओरडत होते, मेले ते बरे झाले. मित्रांनो, मला तेव्हा याची लाज वाटत नसे. उलट अभिमान वाटे. हे कबूल केल्याशिवाय पुढचे सांगता येणार नाही.

नऊ वर्षे पडल्यावर माझे नशीब फळफळले. एका मोठ्या रंगीत चित्रपटात मला टोळीच्या सरदाराचे डोके मिळाले. सरदार होता लॉयड ब्रॅन्सम. न्यू जर्सीचा, निळ्या डोळ्यांचा. त्याला रोज सकाळी तपकिरी रंग फासावा लागे. चित्रीकरण लाल खडकांच्या दरीत होते. तिथे दिने लोक राहतात. बाहेरचे त्यांना नाव्हाहो म्हणतात. घोड्यावरून पडण्यासाठी त्यांचीच माणसे घेतली होती.

पहिल्याच दिवशी कॅमेरा जवळ आला आणि दिग्दर्शक ओरडला, "हे काय आहे? डोक्याला झाडू बांधलाय का याच्या?"

तेवढ्यात पाणी पिण्यासाठी एका घोडेस्वाराने हॅट काढली. त्याचे नाव होस्की चिशिली. वय तिशीचे. मानेवर लोकरीच्या पांढऱ्या धाग्याने बांधलेला केसांचा घट्ट बुचडा. सहा वर्षांचा असताना त्याला सरकारी शाळेत नेले होते आणि पहिल्याच दिवशी त्याचे डोके भादरले होते. शाळा सुटल्यापासून त्याने केसांना कात्री लावू दिली नव्हती. त्याची आई देझबा गवताच्या कुंच्याने रोज त्याचे केस विंचरून बांधत असे.

"खरे आहेत का रे हे?" दिग्दर्शकाने विचारले.

"माझ्या डोक्याला तरी तसंच वाटतं," होस्की म्हणाला. बाकीचे स्वार खो खो हसले.

दिग्दर्शक हसला नाही. म्हणाला, "तुला सरदाराचा भाऊ करतो. कॅमेऱ्यासमोर चेहरा, आणि तोंडी एक वाक्य. पण त्या भूमिकेचा टोप नीट बसायला हवा. हे कापावे लागतील."

होस्कीचे हसू मावळले. "कापलेले केस कुठंही टाकत नाहीत आमच्यात. आई आपल्या हातानं जाळते ते."

"तुझे केस तुला परत. शब्द देतो."

होस्की अकरा चित्रपटांत पडला होता. प्रत्येक वेळी आई विचारायची, "यात तू कोणता?" आणि तो म्हणायचा, "तो बघ, पालथा पडलेला." एकदा तरी आईला आपला चेहरा पडद्यावर दिसावा, एवढीच त्याची हौस होती. तो कात्रीखाली बसला. डोळे मिटले होते, पण जबडा सारखा हलत होता.

केस पिशवीत भरून सिरानूशबाईकडे आले. त्यासोबत हुकूमही आला, घोड्याचे केस पुढून काढा आणि हे बसवा.

"त्याला शब्द दिलाय ना?" ती म्हणाली.

"शब्द मी दिलाय, तू नाही," दिग्दर्शक म्हणाला. "तू सुई चालव."

तीन दिवस ती गाठी मारत होती. एकदा थांबली, म्हणाली, "देवा, आता मीही त्या सैनिकांतलीच झाले." मग पुन्हा मान खाली घालून कामाला लागली. होस्कीने केस मागितले तेव्हा दिग्दर्शकाने त्याला सांगितले, "ठेवलेत जपून." घरी तो आईला म्हणाला, "तुझी वाट नाही बघितली गं, मीच जाळून टाकले." असे का म्हणाला? तिला घोर नको म्हणून.

त्याच्या वाक्याचा दिवस उजाडला. घोड्याच्या शेपटीचा एक स्वस्त टोप घालून तो सरदारासमोर उभा राहिला. मी सरदाराच्या डोक्यावर होतो. होस्कीच्या केसांत डाव्या कानापाशी एक तांबूस बट होती. ती त्याला समोरच्या माणसाच्या कानापाशी दिसली.

"बोल रे!" दिग्दर्शक ओरडला. "तुझ्या भाषेत काय वाटेल ते बोल. इथं कुणाला कळतंय!"

त्याचे केस माझ्यात आल्यापासून मला ती भाषा कळू लागली होती. होस्की हळू आवाजात म्हणाला, "तुझ्या डोक्यावर माझे केस आहेत. माझ्या आईला सांगू नकोस."

मागे घोड्यांवर बसलेल्या त्याच्या माणसांनी लगाम आवळले.

"वा! काय भारदस्त बोलला!" दिग्दर्शक खूश झाला. "झालं. पुढचं घ्या."

पुढच्या वसंतात फ्लॅगस्टाफ शहरातल्या थिएटरात पहिला खेळ झाला. जाहिरातीसाठी लॉयड सरदाराच्या वेषातच आला आणि पुढच्या रांगेत बसला, अर्थात मला घालून. मागच्या रांगांत दिने मंडळी होती. होस्की आपल्या आईला घेऊन आला होता. तिला आणू नये असे त्याला वाटत होते, पण शेजारच्या बायांनीच तिला सांगितले होते की यात तुझ्या मुलाचा चेहरा आहे.

चेहरा आला. भला मोठा, भिंतीएवढा. ओठ हलले आणि ते वाक्य साऱ्या थिएटरात घुमले. पडद्यावरच्या सैनिकाने लगेच अर्थ सांगितला, "तो म्हणतोय, आम्ही मरू, पण शरण येणार नाही." पुढच्या रांगांनी टाळ्यांचा कडकडाट केला. मागच्या रांगांतून खोकल्याचाही आवाज आला नाही.

खेळ संपल्यावर सरदाराशी हात मिळवायला लोक रांगेत उभे राहिले. रांगेत एक ठेंगणी म्हातारी होती, मखमली पोलके घातलेली. तिच्या मागे होस्की.

"आई, चल ना. लोक बघताहेत."

"बघू देत. मीही बघायलाच आलेय."

ती पुढे आली. लॉयड हसून तिच्यापुढे वाकला. तिने हात उचलला आणि माझ्यातून फिरवला. तांबूस बटेपाशी तिची बोटे थांबली.

"जाळले म्हणालास," ती मागे न बघता म्हणाली.

"हो."

"वास कसा आला होता?"

होस्की हातातली हॅट फिरवत राहिला.

"अरे, सांग ना. केस जळल्याचा वास कुणी विसरत नाही."

"आई, तुला माझा चेहरा दिसावा म्हणून..."

"तुझा चेहरा बघायला मला तिकीट कधी लागलं रे?"

तेवढ्यात फोटोवाल्याचा दिवा लखलखला. दुसऱ्या दिवशी वर्तमानपत्रात तो फोटो छापून आला. खाली लिहिले होते, 'महान कलावंताला वृद्ध इंडियन मातेचा आशीर्वाद.' तोच फोटो आज माझ्या मागच्या भिंतीवर आहे.

होस्कीने पुन्हा कधी चित्रपटासाठी घोड्यावर मांड टाकली नाही. त्याने स्टुडिओला पत्र लिहिले, आईला केस जाळायचे आहेत, परत पाठवा. सिरानूशबाईने ते पत्र कपडेपटाच्या प्रमुखाला वाचून दाखवले. तो म्हणाला, "टोप कंपनीच्या मालकीचा आहे. काय सुटे केस आहेत का ते?" देझबा त्यानंतरच्या तिसऱ्या हिवाळ्यात गेली. होस्कीने पत्रे थांबवली नाहीत.

मी संग्रहालयात आल्यावर तो एकदा इथे आला. पिकलेले, आखूड केस. शेजारी नात होती, लोरेना. तिने पाटी मोठ्याने वाचली. होस्कीने डाव्या कानाच्या बाजूला काचेवर तळवा टेकवला.

"काका, काचेला हात लावू नका," पहारेकरी म्हणाला. "फार मौल्यवान वस्तू आहे."

होस्कीने हात काढून घेतला. त्यानंतर तो आला नाही. आता लोरेना पत्रे लिहिते. संग्रहालय दर वेळी अत्यंत नम्र उत्तर देते.

मित्रांनो, माझ्यासारख्या जुन्या वस्तू तुम्हाला विनवतात, आम्हाला जपा. मला इथे पुष्कळ जपतात. दिवा मंद, हवा थंड, धुळीचा कण नाही. माझे मागणे वेगळे आहे. मला जपू नका. एक बारीक कात्री घ्या आणि माझ्या गाठी उसवा. घोड्याचे केस हवे तर पाटीसकट ठेवून द्या. बाकीचे एका कागदात गुंडाळून लोरेनाकडे पाठवा. मग मला टक्कल पडेल, मला कुणी बघायला येणार नाही. चालेल. केस जळल्याचा वास तेवढा त्या दरीत एकदा खराखुरा येऊ द्या.