सूर्याचा कोळसा

इस्पितळाच्या धुलाईखान्यात बॉयलरपुढे एकतीस वर्षं फावडं मारलेल्या आजोबांना नातीने सकाळी सातलाच स्वयंपाकघरातल्या टेबलाशी विद्यार्थी करून बसवलं होतं. अकरा वाजता तिला शाळेत नमुना पाठ द्यायचा होता. जमला तर नोकरी इथेच, घरापासून दहा मिनिटांवर. नाही तर दूरच्या शहरातल्या शिकवणीवर्गाचं पत्र येऊन पडलंच होतं. त्या पत्राचं आजोबा नाव काढत नसत. पण ते कुठल्या खणात आहे हे त्यांना पक्कं ठाऊक होतं.

“तारा किती वर्षं जळेल हे कसं काढायचं?” नात म्हणाली. “इंधन किती, आणि खर्च किती. भागलं की झालं.”

“पाण्यात म्हैस, वर मोल,” ओट्यापाशी आजी पुटपुटली.

“आजी, तू मागच्या बाकावर आहेस. गप्प बस.”

नातीने सूर्याचं वजन मांडलं. हजार किलो जळलं की त्यातल्या सात किलोचाच उजेड होतो, तेही मांडलं. सूर्य दर सेकंदाला किती उजेड फेकतो त्याने भागलं. उत्तर आलं शंभर अब्ज वर्षं. पुस्तकात होतं दहा अब्ज. तिने पुन्हा मांडलं. पुन्हा शंभर.

“दहापट चूक!” तिने कागद चुरगळून टाकला. “जाऊ दे. मांडणी गाळते, नुसता आकडा सांगते.”

नुसता आकडा सांगणारी मास्तरीण कोण ठेवून घेणार? आजोबांनी कागद उचलून तळहाताने सरळ केला. शून्यांची रांग त्यांच्या डोक्यावरून गेली, पण पहिली ओळ कळली.

“हे वजन कशाचं धरलंस?”

“अख्ख्या सूर्याचं.”

“आणि आग कुठे आहे?”

“पार मधोमध. जळण्याइतकी उष्णता तिथेच असते.”

“मग बाहेरचा माल आत लोटतं कोण?”

नातीची पेन्सिल थांबली.

“नोकरीच्या पहिल्याच हिवाळ्यात,” आजोबा म्हणाले, “मी साहेबांना छातीठोकपणे सांगितलं, कोठारात वीस दिवसांचा कोळसा आहे. आणि तापाने पडलो. बदली माणूस आला. तोंडाशी होता तेवढा त्याने जाळला. मागचा ढीग आपसूक पुढे येत नाही, फावड्याने ओढावा लागतो, हे त्या बापड्याला सांगायलाच मी विसरलो होतो. पाचव्या दिवशी आग विझली. कोठारात कोळशाचा डोंगर, बॉयलर थंडगार, आणि सगळ्या इस्पितळाच्या चादरी ओल्या. नर्सबाईंनी माझा जो उद्धार केला!”

“सूर्यात फावडं मारायला कोणी नाही,” नात सावकाश म्हणाली. “बाहेरचा वायू बाहेरच राहतो. मधला साधारण दहावा हिस्सा तेवढा जळतो.” तिने वजनाला दहाने भागलं. उत्तर दहा अब्जांवर येऊन बसलं, तशी तिने आजोबांच्या टकलावर पेन्सिलीने टकटक केलं.

“म्हणजे आडात आहे, पण पोहऱ्यात येत नाही. एवढंच ना?” आजी म्हणाली. “एवढ्यासाठी दोघांनी माझा चहा गार केलात.”

साडेबाराला आजोबा शाळेच्या फाटकाशी उभे होते. नात बाहेर आली ती कपाळाला आठ्या घालूनच.

“फसलं?”

“एका पोरीने अडवलं. म्हणाली, अगदी छोट्या ताऱ्यांतसुद्धा बाहेरचं इंधन असंच पडून राहतं का? मला नक्की सांगता येईना. तसं कबूलच केलं.”

“अरेरे. मग?”

“मुख्याध्यापिकाबाई मागे बसल्या होत्या. म्हणाल्या, वाचून या आणि सोमवारी तिला सांगा.”

“सोमवारी?” आजोबांनी फाटकाची दांडी धरली. “म्हणजे सोमवारी तू इथे?”

“सोमवारी, मंगळवारी, पुढेही. रुजू व्हायला सांगितलंय.”

आजोबा दांडी सोडून तिच्याजवळ आले. मग म्हणाले, “आणि त्या पोरीला सांगणार काय?”

“अजून माहीत नाही.”

“मग इथे गप्पा कसल्या मारतेस? चल, वाचायला बस,” आणि तेच तिच्यापुढे भराभर चालू लागले.