मक्याखालची माणसं

"बाई, ऊठ बघू तिथून. दोरी लावायचीय आम्हाला."

इझ्रा टिलकॉटनं तिसऱ्यांदा सांगितलं, तरी होपस्टिल काही हलेना. भर शेतात ती फतकल मारून बसली होती. तिच्या दोन्ही बाजूंना नव्या प्रार्थनाघराच्या खुंट्या ठोकून झाल्या होत्या. आता मधली खुंटी नेमकी तिच्या मांडीखाली यायची होती. भोवती निम्मं गाव जमलं. काम थांबलेलं बघायला मिळालं की न्यू हॅल्स्टेडची माणसं जेवणसुद्धा विसरतात.

"म्हाताऱ्याला बोलवा," कोणीतरी म्हणालं. "शेत त्याचं, बाईही त्याचंच ऐकते."

एनॉक वॅडलो काठी टेकत आला. चाळीस वर्षांपूर्वी या किनाऱ्यावर पहिली कुऱ्हाड त्यानं चालवली, पहिलं खोपटं त्यानं उभं केलं, गावाला आपल्या इंग्लंडातल्या गावाचं नावही त्यानंच दिलं. म्हणून सगळे त्याला बाबा म्हणत. त्याच्यासोबत जहाजातून उतरलेलं आता कुणीच उरलं नव्हतं.

लांबूनच त्यानं होपस्टिल कुठे बसलीय ते पाहिलं आणि तो काठी भराभर टेकत पुढे आला.

"बाबा, तुम्हीच सांगा हो यांना," ती म्हणाली. "माझ्या आईच्या छातीवर खुंटी मारायला निघालेत मेले!"

पहिल्या हिवाळ्याची गोष्ट गावात सगळ्यांना ठाऊक होती, पण बोलत कुणी नसे. जहाजातून उतरलेल्यांपैकी निम्मी माणसं थंडीत आणि तापात गेली. रात्री खड्डे खणायचे, माणूस ठेवायचा, वरून माती सारखी करायची. दगड नाही, खूण नाही. वसंतात सगळ्यावर मका पेरला. हुकूम एनॉकचाच. जंगलातल्या मूळच्या लोकांना आपण किती थोडे उरलोय ते कळता कामा नये, कळलं तर एका रात्रीत कापून काढतील, असं त्याला वाटायचं. बायका रडल्या, तर त्यानं त्यांच्यावरच डोळे वटारले. आणि गंमत अशी, की पेरणीच्या दिवसांत नदीपलीकडचा एक म्हातारा बियाणं घेऊन आला तो शेतातून सरळ न येता अख्ख्या शेताला वळसा घालून आला. हे शेत आधी त्याच्याच माणसांचं होतं, साथीत ती सगळी मेली होती. तो एनॉककडे बघत राहिला. ज्यांच्यापासून लपवलं त्यांना सगळं कळलेलं होतं.

तेव्हापासून एनॉकनं त्या शेतातला मका तोंडात घातला नाही. कणसं भरली की दिवेलागणीला पानं सळसळायची आणि त्याला वाटायचं, आत माणसं उभी आहेत. ती नुसती विचारायची, एनॉक, मी कुठे आहे रे? त्यात होपस्टिलची आई अ‍ॅलिसही असायची. कधी ओढ्याच्या बाजूला, कधी कुंपणाशी, दर वेळी वेगळीकडे. तिला कुठे ठेवलं ते त्याला आठवत नव्हतं. त्यानं माती इतकी सारखी केली होती की त्यालाच काही उमगत नव्हतं.

होपस्टिल त्या हिवाळ्यात जन्मली, त्यातच आई गेली आणि बाप तर आधीच गेला होता. पाच-सहा वर्षांची झाली तेव्हा एक दिवस तिनं एनॉकचा कोट ओढून विचारलं, "माझी आई कुठे आहे?" त्यानं तिचं बोट धरलं, मक्यात चार पावलं आत गेला आणि जिथे पीक दाट होतं तिथे थांबून म्हणाला, "इथे."

पोरगी हसली, खाली बसली आणि जमिनीला गाल लावला. घरी आल्यावर एनॉकला आठवलं, त्या जागी तर पहिली तीन वर्षं भलामोठा ओंडका आडवा पडलेला होता. पुढे बैल लावून तो ओढून काढला. त्याच्याखाली कोण असणार? बायकोला, ज्युडिथला, त्यानं हे सांगितलं तेव्हा ती कपाळावर हात मारून म्हणाली, "पोरीला फसवलंत! आता निदान मरेपर्यंत फसवा. मधेच खरं बोलू नका."

होपस्टिल मोठी झाली, लग्न झालं, नवरा समुद्रात बुडाला, मूलबाळ नाही. पण त्या जागेचं तण तिनं कधी वाढू दिलं नाही. मेलेल्यांसाठी प्रार्थना करणं आपल्या पंथात पाप, असं पाद्रीबुवांनी तिला दोनदा बजावलं. "मी कुठे प्रार्थना करतेय? मी खुरपतेय," असं तिचं उत्तर.

इझ्रा माणूस वाईट नव्हता. जुन्या प्रार्थनाघराचं छप्पर गळत होतं, हिवाळ्याआधी नवं उभं करायचं म्हणून त्याची घाई. तो म्हणाला, "बाबा, भांडण नको. दोन हात खणून बघू. हाडं निघाली तर खुंट्या तिकडे सरकवतो. नाही निघाली तर हिनं गुमान घरी जायचं. बरोबर आहे ना?"

सगळ्यांनी माना डोलावल्या. आणि होपस्टिल चक्क उठून बाजूला झाली!

"खणा," ती म्हणाली. "बाबांनी स्वतः दाखवलेली जागा आहे. पण हळू खणा रे, डोक्याला लागू देऊ नका तिच्या."

एकानं फावडं उचललं. एनॉकला पुढचं सगळं दिसायला लागलं. आत्ता माती निघणार, त्याखाली माती, त्याखाली कुजकी मुळं. आणि ही बाई वर बघणार.

"खणायचं नाही!" तो ओरडला.

"का बरं?"

"मी सांगतो म्हणून. तिथे आहे ती."

इझ्रानं सुस्कारा सोडला. "बाबा, राग मानू नका. परवा तुम्ही विहिरीवर ज्युडिथआईंशी बोलत होतात. त्यांना जाऊन तीन वर्षं झाली. तुमच्या आठवणीवर घर कसं बांधायचं आम्ही?"

कुणीतरी फिसकन हसलं. एनॉकला राग नाही आला. पोरगं खरंच बोलत होतं.

"शेत कुणाचं आहे?" त्यानं विचारलं.

"तुमचं. पण तुम्ही गावाला द्यायचं कबूल केलंय."

"देणारच आहे. वॅडलोनं कधी शब्द फिरवलाय? फक्त माझ्या देहापुरती जागा त्यातून ठेवणार." त्यानं काठी होपस्टिलच्या पायापाशी रोवली. "ती इथे, अ‍ॅलिसच्या शेजारी. मला इथे पुरायचं. मग बांधा तुमचं घर तिकडे सरकवून."

टेकडीवरच्या नव्या दफनभूमीत ज्युडिथच्या शेजारची जागा त्यानं स्वतः कुंपण घालून राखलेली होती. रविवारी तो त्या कुंपणाला टेकून उभा राहायचा.

"अहो, आणि ज्युडिथआई?" इझ्रा हळूच म्हणाला.

"तिला मी सांगेन," एनॉक म्हणाला. "पहिल्या हिवाळ्यातली माणसं मी इथे टाकली. मग मी टेकडीवर कशाला?"

एवढं मात्र खरं होतं. बाकीचं सांगून चालण्यासारखं नव्हतं. ज्युडिथला काय वाटेल, या विचारानं त्याला भडभडून आलं. सत्तेचाळीस वर्षं जिच्या कुशीला निजलो, तिला सोडून आपण रिकाम्या मातीशेजारी निजणार. तिथे कुणीही नाही. आपण एकटेच.

इझ्रानं डोक्यावरची टोपी काढली. मग माणसांना म्हणाला, "बघत काय उभे राहिलात? उपटा खुंट्या. ओढ्याकडे बारा पावलं सरका."

गर्दी पांगली. शेतात दोघंच उरली. होपस्टिलनं डोळे पुसले आणि एकदम कामाचं बोलायला लागली, तिचा स्वभावच तसा.

"बाबा, आईच्या डावीकडे की उजवीकडे?"

"तू सांग," एनॉक म्हणाला.

"मग उजवीकडे. इकडे ऊन जास्त वेळ राहतं, तुम्हाला थंडी बाधते." तिनं खुरप्यानं जमिनीवर रेघ ओढली, त्याच्याकडे एकदा वरून खाली पाहिलं आणि रेघ आणखी वीतभर लांबवली. मग गुडघ्यांवर बसून त्या जागेतली माती हातानं चाचपली.

"दगड फार आहेत हो इथे. पाठीला टोचतील तुमच्या," ती म्हणाली आणि एकेक दगड उकरून एप्रनमध्ये गोळा करू लागली.